वऱ्हाडातली प्राध्यापकी : सलग वर्षांचं काम

सेट परीक्षेचा निकाल लागला की अमरावती-अकोल्याच्या अभ्यासिकांमध्ये पेढे वाटले जातात. प्राध्यापक होण्यासाठीची ही राज्य पात्रता परीक्षा महाराष्ट्र आणि गोव्यासाठी पुणे विद्यापीठ १९९५ पासून घेत आलं आहे. दोन पेपर, तीनशे गुण, आणि दोन्ही पेपर देणाऱ्यांपैकी साधारण सहा टक्केच उत्तीर्ण होतात. त्यामुळे पेढे रास्तच. पण पेढा हातात घेऊन गावाकडची माणसं एकच गोष्ट विचारतात, ‘आता लागशीन ना कॉलेजात?’ उत्तर द्यायला पोरं घुटमळतात. पात्र ठरणं आणि नोकरी लागणं यांच्यात आज वऱ्हाडात कित्येकांच्या बाबतीत दहा-दहा वर्षं निघून जातात.

प्राध्यापकीबद्दल लोकांच्या मनात दोन समज पक्के आहेत. दिवसाला तीन तास शिकवायचं, दिवाळीला आणि उन्हाळ्यात सुट्ट्या घ्यायच्या आणि लठ्ठ पगार उचलायचा, हा एक. प्राध्यापक म्हणजे मानाचा माणूस, गावच्या कार्यक्रमात पहिल्या खुर्चीवर बसणारा, हा दुसरा. या दोन्ही समजांत व्यवसायाचं खरं भांडवल नजरेआड होतं. ते भांडवल म्हणजे सलग वर्षं. एका विषयाला, एका मातीला आणि एका भागातल्या मुलांना दिलेली वीस-तीस वर्षं. वऱ्हाडाला या व्यवसायाने जे काही दिलं, ते अशाच वर्षांतून आलं. आणि आज तुटायला लागली आहे, तीही हीच सलगता.

शेतकऱ्याच्या घरातून कॉलेजात

अमरावतीत किंग एडवर्ड कॉलेज १९२३ साली सुरू झालं. त्याच वर्षी नागपूर विद्यापीठही स्थापन झालं. त्याआधी पदवी घ्यायची तर वऱ्हाडातल्या मुलाला नागपूर, पुणे किंवा मुंबई गाठावी लागे, आणि तो खर्च मोजक्याच घरांना झेपे. हेच किंग एडवर्ड कॉलेज पुढे विदर्भ महाविद्यालय झालं आणि आज शासकीय विदर्भ ज्ञान विज्ञान संस्था या नावाने उभं आहे. जुने लोक अजून त्याला व्हीएमव्हीच म्हणतात.

दुसरा टप्पा डॉ. पंजाबराव देशमुखांचा. अमरावती जिल्ह्यातल्या पापळ गावी २७ डिसेंबर १८९८ रोजी शेतकऱ्याच्या घरात जन्मलेला हा माणूस ऑक्सफर्डला गेला आणि वैदिक वाङ्मयातल्या धर्माचा उगम व विकास या विषयावर डॉक्टरेट घेऊन परत आला. १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी अमरावतीत श्री शिवाजी शिक्षण संस्था उभी केली. १९४६ साली अमरावतीचं शिवाजी महाविद्यालय निघालं. पुढे अकोला आणि अकोटपर्यंत या संस्थेची महाविद्यालयं पोचली. त्यांच्यासोबत इतर संस्थांनीही मूर्तिजापूर, दर्यापूर, अचलपूर अशा तालुक्याच्या गावी कॉलेजं काढली. कपाशी आणि ज्वारीच्या घरातली मुलं सायकलने, एसटीने कॉलेजात येऊ लागली. त्यांच्यातलीच काही पुढे त्याच वर्गात फळ्यासमोर उभी राहिली.

मग विद्यापीठं आली. अकोल्याला २० ऑक्टोबर १९६९ रोजी कृषी विद्यापीठ स्थापन झालं आणि त्याला पंजाबरावांचं नाव मिळालं. संपूर्ण विदर्भाचे अकरा जिल्हे त्याच्या कार्यक्षेत्रात आहेत. १ मे १९८३ रोजी नागपूर विद्यापीठातून वेगळं होऊन अमरावती विद्यापीठ सुरू झालं. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा आणि वाशीम या पाच जिल्ह्यांतली महाविद्यालयं त्याला संलग्न आहेत. २००५ मध्ये त्याला संत गाडगेबाबांचं नाव देण्यात आलं. स्वतः शाळेत न गेलेल्या आणि हयातभर लोकांना ‘पोटाला चिमटा घ्या, पण लेकरांना शिकवा’ असं समजावत फिरलेल्या माणसाचं नाव विद्यापीठाला असणं, ही या भागाने शिक्षणाला दिलेली मोठी पावती आहे.

नेमणूक, मान्यता आणि पगार : तीन घरं

प्राध्यापकाची नोकरी नेमकी कोणाची, हे बाहेरच्या माणसाला चटकन कळत नाही. वऱ्हाडातले बहुसंख्य प्राध्यापक खाजगी अनुदानित महाविद्यालयांत आहेत. तिथे नेमणूक संस्था करते, त्या नेमणुकीला मान्यता विद्यापीठ देतं आणि पगार राज्य शासन देतं. पगाराची फाइल अमरावतीच्या उच्च शिक्षण सहसंचालकांच्या कार्यालयातून, म्हणजे सगळ्यांच्या बोलण्यातल्या ‘जेडी ऑफिस’मधून पुढे सरकते. तिन्ही घरांचा मेळ बसला तरच माणूस पूर्णवेळ प्राध्यापक होतो.

आधी वर्कलोड सिद्ध करावा लागतो. विषयाला किती विद्यार्थी आहेत आणि आठवड्याला किती तास भरतात, यावर पद ठरतं. मग बिंदुनामावली, म्हणजे रोस्टर, तपासून पद कोणत्या प्रवर्गाचं ते निश्चित होतं. शासनाचं ना-हरकत पत्र आलं की जाहिरात निघते. निवड समितीत संस्थेचे पदाधिकारी, प्राचार्य, कुलगुरूंचे प्रतिनिधी, शासनाचा प्रतिनिधी आणि विषयतज्ज्ञ बसतात. निवड झाली की विद्यापीठाचं अप्रूव्हल, त्यानंतर वेतननिश्चिती.

शासकीय महाविद्यालयांत रचना वेगळी आहे. व्हीएमव्हीसारख्या ठिकाणी भरती महाराष्ट्र लोकसेवा आयोगातर्फे होते आणि बदली मुंबईपर्यंत कुठेही होऊ शकते. विद्यापीठाच्या स्वतःच्या विभागांत विद्यापीठच नेमणूक करतं. तिथे पदव्युत्तर वर्ग आणि संशोधन यांचं वजन जास्त. कृषी विद्यापीठात प्राध्यापकाला शिक्षण, संशोधन आणि विस्तार अशी तिन्ही कामं बघावी लागतात. विनाअनुदानित महाविद्यालयात पगार पूर्णपणे संस्थेच्या हातात असतो, आणि नियमातला पगार व हातात पडणारा पगार यांत बरंच अंतर असू शकतं.

अनुदानित पदांचा मोह समजण्यासारखा आहे. सातव्या वेतन आयोगानुसार सहायक प्राध्यापकाचं मूळ वेतन ५७,७०० रुपयांपासून सुरू होतं, आणि त्यावर महागाई भत्ता व घरभाडं. कोरडवाहू शेतीवर चालणाऱ्या घरात असा एक पगार आला की बहिणीचं लग्न, भावाचं शिक्षण, विहिरीचं काम सगळं मार्गी लागतं. म्हणूनच या पदांभोवती पैशांचे व्यवहारही उभे राहिले. एका जागेसाठी लाखो रुपयांच्या मागणीची चर्चा वऱ्हाडातल्या प्रत्येक पात्रताधारकाने ऐकलेली असते. हा या व्यवसायावरचा सर्वांत मोठा डाग आहे. जमीन विकून जागा घेणाऱ्याची पुढची कित्येक वर्षं ते पैसे भरून काढण्यात जातात. ज्याच्याकडे विकायला जमीनच नाही, तो रांगेबाहेर पडतो. पंजाबरावांनी जे दार उघडलं, ते असं पुन्हा पैशाच्या कुलपात बंद होतं.

तासिका तत्त्वाची वर्षं

शासनाकडून पदभरती नियमित झाली असती तर हे कुलूप एवढं घट्ट बसलं नसतं. पण २०१७ साली राज्यात भरती थांबली. २०१८ च्या नोव्हेंबरात ३,५८० सहायक प्राध्यापक पदं भरायला मंजुरी मिळाली. ती भरती पूर्ण होण्याआधीच २०२० मध्ये कोविडमुळे पुन्हा खीळ बसली. २०२१ च्या नोव्हेंबरात उरलेल्या २,०८८ पदांना परवानगी मिळाली. या काळात दरवर्षी माणसं निवृत्त होत राहिली आणि रिकाम्या जागा वाढत राहिल्या.

या रिकाम्या जागांवर शिकवतं कोण? तासिका तत्त्वावरचे, म्हणजे सीएचबीचे प्राध्यापक. पात्रता तीच, सेट किंवा राष्ट्रीय पातळीवरची नेट, आणि बहुतेकांकडे पीएच.डी.सुद्धा. वर्ग तोच, विद्यार्थी तेच. फक्त मोबदला तासावर. २०२३ मध्ये दर वाढले आणि कला, वाणिज्य, विज्ञानाच्या पदवी वर्गासाठी तासाला ९०० रुपये ठरले. आठवड्याला नऊ तासांची मर्यादा धरली तर एकही तास न बुडता महिन्याला बत्तीस हजारांच्या घरात रक्कम जाते. पण दिवाळीची सुट्टी, परीक्षांचा काळ आणि उन्हाळा यांत तासच नसतात. तास नाही तर पैसे नाहीत. झालेल्या तासांचं बिलही कित्येकदा काही महिन्यांनी एकदम निघतं. शैक्षणिक वर्ष संपलं की नेमणूक संपते, आणि जून-जुलैत पुन्हा अर्ज, पुन्हा मुलाखत.

मूर्तिजापूरला दोन दिवस एका कॉलेजात, उरलेले दिवस दुसऱ्या गावी, संध्याकाळी अकोल्यात एखाद्या शिकवणीत अकरावीचे वर्ग, आणि पेरणीला घरच्या वावरात हजेरी : अशी कित्येकांची आठवड्याची मांडणी असते. पस्तिशी ओलांडते आणि लग्नाची बोलणी ‘परमनंट आहे का?’ या एका प्रश्नावर अडतात.

हा प्रश्न केवळ वऱ्हाडाचा नाही. अमेरिकेत कायम नेमणुकीला टेन्युअर म्हणतात. साधारण सहा वर्षं परीक्षा घेऊन ती दिली जाते, पण तिथेही अनेक महाविद्यालयांत शिकवण्याचा मोठा भार एकेका कोर्सपुरत्या नेमलेल्या अ‍ॅडजंक्ट शिक्षकांवर आहे. जर्मनीत मुदतबंद करारांवर वर्षानुवर्षं काढणाऱ्या संशोधकांनी २०२१ मध्ये समाजमाध्यमांवर मोठी मोहीम उभी केली होती. तरी एक फरक मोठा आहे. तिथल्या माणसाला दुसऱ्या शहरात, दुसऱ्या देशात जायची वाट असते. वऱ्हाडातल्या मराठीच्या, इतिहासाच्या किंवा वनस्पतिशास्त्राच्या पात्रताधारकाला तशी वाट फारशी नाही. त्याचा विषय इथल्या भाषेत आणि इथल्या मातीत रुजलेला आहे.

रोजचं काम

नियमानुसार सहायक प्राध्यापकाला आठवड्याला १६ तास प्रत्यक्ष अध्यापन करावं लागतं, तर सहयोगी प्राध्यापक आणि प्राध्यापक यांना १४ तास. एकूण काम मात्र आठवड्याला ४० तासांचं धरलेलं आहे. उरलेला वेळ कुठे जातो, ते अनुदानित कॉलेजात आठवडाभर बसल्याशिवाय कळत नाही.

जूनमध्ये प्रवेश सुरू झाले की बारावी झालेल्या मुलांच्या घरी प्राध्यापक गावोगाव फिरतात. विद्यार्थी कमी झाले तर वर्कलोड घटतो आणि सहकाऱ्याचं पद अतिरिक्त ठरू शकतं, ही भीती त्यामागे असते. मग राष्ट्रीय सेवा योजनेचं दत्तक गावातलं सात दिवसांचं शिबिर, शिष्यवृत्तीचे अर्ज, युवा महोत्सवाची तयारी. महाविद्यालयाचा दर्जा ठरवणारं नॅकचं मूल्यांकन जवळ आलं की फाइली, अहवाल आणि पुरावे यांतच महिने जातात. २०२४-२५ पासून संलग्न महाविद्यालयांत नवं शैक्षणिक धोरण आलं. त्यामुळे वेळापत्रक, विषयगट आणि श्रेयांकांची सगळी मांडणी नव्याने करावी लागली.

परीक्षांचा हंगाम इथे दोनदा येतो, हिवाळी आणि उन्हाळी. मे महिन्यात अमरावतीचा पारा पंचेचाळिशीकडे सरकतो, तेव्हा मूल्यांकन केंद्रात उत्तरपत्रिकांचे गठ्ठे सुटलेले असतात. दर्यापूर-धारणीकडच्या मुलांची उत्तरं वाचताना अनुभवी परीक्षकाला दोन गोष्टी वेगळ्या काढाव्या लागतात. एक, आशय कळलेला आहे की नाही. दोन, तो प्रमाण मराठीत मांडता आला की नाही. ‘पऱ्हाटीले पानी भेटलं नाई’ असं लिहिणाऱ्या मुलाला अर्थशास्त्रातला पावसावरच्या शेतीचा धोका पुस्तकापेक्षा चांगला कळलेला असू शकतो. मेळघाटातल्या कोरकू घरातून आलेल्या मुलीसाठी तर मराठीही दुसरी भाषा असते. हे ओळखायची नजर कुठल्याही प्रशिक्षण वर्गात शिकवता येत नाही. पहिल्या वर्षाचा विद्यार्थी तिसऱ्या वर्षापर्यंत कसा लिहू लागतो, हे वर्षानुवर्षं पाहिलेल्या माणसालाच ती येते. दर जूनला बदलणाऱ्या शिक्षकाला ही वाढ बघायलाच मिळत नाही.

प्रवास हाही या नोकरीचा भाग आहे. मुलांच्या शाळेसाठी घर अमरावतीत किंवा अकोल्यात, आणि नोकरी तालुक्याला, असं बहुतेकांचं असतं. बडनेरा-मूर्तिजापूर-अकोला या रेल्वेमार्गावर आणि महामार्गावर अपडाऊन करणाऱ्यांत प्राध्यापक हमखास भेटतात. अमरावती-अकोला रस्ता वर्षानुवर्षं उखडलेला होता. जून २०२२ मध्ये लोणी ते माना दरम्यान ७५ किलोमीटरचा डांबरी थर १०५ तास ३३ मिनिटांत टाकून गिनीज विक्रम झाला. त्या विक्रमाचं कौतुक सगळीकडे झालं, पण त्याचा अर्थ रोज ये-जा करणाऱ्यांना जास्त कळला.

अकोल्याच्या वावरातला प्राध्यापक

सलग वर्षांचा हिशेब सगळ्यांत स्पष्ट दिसतो तो अकोल्याच्या कृषी विद्यापीठात. कापसाचा नवा वाण कसा घडतो, ते जवळून बघण्यासारखं आहे.

संध्याकाळी पैदासकार आणि त्याचे विद्यार्थी पऱ्हाटीच्या ओळींत शिरतात. दुसऱ्या दिवशी उमलणारी कळी ओळखायची असते. ती आदल्या संध्याकाळी पात्याच्या बाहेर डोकावून फिकट पिवळसर झालेली असते. अंगठ्याच्या नखाने तिच्या पाकळ्या आणि पुंकेसरांचं वेष्टण अलगद सोलून काढायचं. आतल्या बीजकोशाला नख लागलं तर कळी वाया गेली. सोललेल्या कळीवर कागदी पिशवी चढवायची. दुसऱ्या दिवशी सकाळी ऊन तापायच्या आत निवडलेल्या नर झाडाचं ताजं फूल आणून त्याचे परागकण कुक्षीवर लावायचे, टॅग बांधायचा आणि नोंदवहीत संकराचा क्रमांक लिहायचा. दिवसाला शेकडो कळ्या. त्यातल्या किती टिकतील आणि बोंडं धरतील, ते पाऊस ठरवतो.

वऱ्हाडात कोरडवाहू कापूस वर्षातून एकदाच येतो. म्हणजे एका वर्षात एकच पिढी. संकरातून पुढच्या पिढ्यांत निवड करत करत वाण स्थिर व्हायला सहा-सात वर्षं जातात. नंतर संशोधन केंद्रावरच्या चाचण्या, वेगवेगळ्या जिल्ह्यांतल्या बहुस्थानीय चाचण्या, शेतकऱ्यांच्या वावरातल्या चाचण्या. प्रत्येक टप्प्यावर रुईचा उतारा, धाग्याची लांबी, रोग-किडी सोसण्याची ताकद यांच्या नोंदी. त्यानंतर राज्याच्या चारही कृषी विद्यापीठांच्या संयुक्त संशोधन व विकास समितीसमोर, म्हणजे जॉइंट अ‍ॅग्रेस्कोत, वाण मांडला जातो. पहिल्या कळीपासून शेतकऱ्याच्या हातातल्या बियाण्याच्या पिशवीपर्यंत दहा-बारा वर्षं सहज जातात. पीकेव्ही हायब्रीड-२ किंवा रजतसारखे कापसाचे वाण, जॅकी ९२१८ सारखा हरभरा हे सगळे अशाच कामातून विदर्भाच्या शेतात पोचले.

मधल्या वर्षात पैदासकार निवृत्त झाला आणि त्याची जागा रिकामी राहिली तर काय होतं? बियाणं पाकिटात राहतं, नोंदवही कपाटात राहते. पण कुठली ओळ कोरड्या वर्षात तगली, कोणती बोंडअळीला लवकर बळी पडली, हे त्याला वावरात फिरून कळलेलं असतं, आणि ते सगळं कागदावर उतरत नाही. शिकाऊ माणूस त्याच्यासोबत चार-पाच हंगाम फिरला असेल तरच ते पुढे जातं.

शिकवणं आणि लोकांपर्यंत जाणं हे इथे वेगळं करता येत नाही. कृषी पदवीच्या अंतिम वर्षाची मुलं-मुली ‘रावे’च्या, म्हणजे ग्रामीण कृषी कार्यानुभवाच्या, कार्यक्रमात कृषिदूत आणि कृषिकन्या म्हणून गावांत राहतात आणि त्यांचे प्राध्यापक गावोगाव त्यांच्या भेटीला जातात. विद्यापीठाच्या शिवार फेरीत शेतकरी प्रक्षेत्रावर येतात, ओळींतून चालतात आणि सरळ प्रश्न विचारतात. हा वाण खारपाणपट्ट्यात चालेल का? पूर्णेच्या खोऱ्यातल्या खारट पाण्याला टिकेल का? वर्गातल्या परीक्षेपेक्षा ही परीक्षा कठीण असते.

पदोन्नतीच्या पायऱ्या

कायम झाल्यावर पुढचा प्रवास मात्र बराच स्पष्ट असतो. कॅस, म्हणजे कारकीर्द प्रगती योजना, आणि रोजच्या बोलण्यात ‘प्लेसमेंट’. २०१८ च्या विद्यापीठ अनुदान आयोगाच्या नियमांप्रमाणे पीएच.डी. असलेला सहायक प्राध्यापक चार वर्षांनी पुढच्या वेतनस्तरावर जातो, पीएच.डी. नसेल तर सहा वर्षं लागतात. त्यानंतर पाच वर्षांनी पुढचा टप्पा, आणि तिथून तीन वर्षांनी सहयोगी प्राध्यापक. त्या पदाचं मूळ वेतन १,३१,४०० रुपयांपासून आहे. आणखी तीन वर्षांनी, किमान दहा शोधनिबंध आणि इतर अटी पूर्ण असल्या तर, प्राध्यापक. तिथे मूळ वेतन १,४४,२०० रुपयांपासून सुरू होतं. अभिमुखता वर्ग, रिफ्रेशर, दरवर्षीचा कामाचा अहवाल या अटी मधल्या प्रत्येक टप्प्यावर असतात.

निबंधांची संख्या अटीत आली, तेव्हा पैसे भरून छापणारी नियतकालिकंही निघाली. त्यांना आळा घालायला आयोगाने २०१९ मध्ये मान्यताप्राप्त नियतकालिकांची केअर यादी आणली आणि २०२५ च्या सुरुवातीला ती बंद करून जबाबदारी विद्यापीठांवर सोपवली. पीएच.डी. मार्गदर्शनालाही मर्यादा आहेत. प्राध्यापकाकडे आठ, सहयोगी प्राध्यापकाकडे सहा आणि सहायक प्राध्यापकाकडे चार संशोधक एका वेळी असू शकतात. या मर्यादा रास्त आहेत. एका माणसाचा प्रबंध नीट वाचायला महिनोन् महिने लागतात.

संशोधन आणि संघटना

सलग वर्षांचा हाच हिशेब भाषेच्या संशोधनातही दिसतो. मलकापूरजवळच्या नरवेल गावात १९०८ साली जन्मलेले वि. भि. कोलते अमरावतीच्या किंग एडवर्ड महाविद्यालयात मराठी शिकवत. त्यांच्या आसपासच महानुभाव पंथाची मोठी केंद्रं होती. म्हाइंभटांनी ज्या रिद्धपुरात लीळाचरित्राची जुळणी केली, ते रिद्धपूर अमरावती जिल्ह्यातच आहे. महानुभावांच्या पोथ्या सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत बंद होत्या. त्या उलगडायच्या तर महंतांचा विश्वास मिळवायचा, पोथी समोर ठेवून अक्षर-अक्षर लावायचं, आणि एकाच ओळीचे वेगवेगळ्या पोथ्यांतले पाठ ताडून बघायचे. कोलत्यांचं ‘महानुभाव तत्त्वज्ञान’ १९४५ साली आलं. त्यांनी संपादित केलेलं लीळाचरित्र १९७८ साली. मधली तेहतीस वर्षं ते शिकवत होते, लिहीत होते, नागपूर विद्यापीठाचे कुलगुरूही झाले. पण पोथ्या सुटल्या नाहीत. आज रिद्धपूरलाच मराठी भाषा विद्यापीठ उभं राहिलं आहे. त्यामागे अशा अनेक अभ्यासकांच्या दशकांच्या कामाची बैठक आहे.

आणि वऱ्हाडातला प्राध्यापक कॉलेजाच्या भिंतीत थांबलाही नाही. नागपूर विद्यापीठ शिक्षक संघ, म्हणजे नुटा, ही इथली जुनी आणि बळकट संघटना. तिचे नेते, अमरावतीचे प्रा. बी. टी. देशमुख अमरावती पदवीधर मतदारसंघातून तीन दशकं विधान परिषदेवर होते. विदर्भाच्या विकासाचा, विशेषतः सिंचनाचा अनुशेष त्यांनी आकडेवारीसह सभागृहात पुन्हा पुन्हा मांडला. २०१३ मध्ये राज्यभरातल्या प्राध्यापकांनी फेब्रुवारीपासून मेपर्यंत परीक्षेच्या कामावर बहिष्कार टाकला. विद्यार्थ्यांचे हाल झाले आणि समाजात नाराजीही पसरली. पण वेतन, सेवाशर्ती आणि पात्रतेचे वाद सोडवायला दुसरी वाट उरली नाही, असं संघटनांचं म्हणणं होतं. या संघटनांनी आता तेवढ्याच जोराने तासिकावाल्यांची बाजू घेतली पाहिजे. कायम असलेल्यांचं हित आणि रांगेत उभ्या असलेल्यांचं हित वेगळं नाही. कनिष्ठ सहकारीच नसेल तर विषयच बंद पडतो.

साठाव्या वर्षी प्राध्यापक निवृत्त होतो. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी लागलेल्यांना जुनी निवृत्तिवेतन योजना आहे, नंतरच्यांना नाही. त्यात चाळिशीत कायम झालेल्याची जेमतेम वीस वर्षंच सेवा भरते. तासिकेवर घालवलेली वर्षं निवृत्तीच्या हिशेबात धरली जात नाहीत.

काय करायला हवं

उपाय फार गुंतागुंतीचे नाहीत. निवृत्तीची तारीख नोकरीच्या पहिल्या दिवशीच सेवापुस्तिकेत लिहिलेली असते. म्हणजे कोणती जागा कधी रिकामी होणार हे शासनाला आधीच कळतं. मग ती जागा दरवर्षी, ठरलेल्या महिन्यात, माणूस निवृत्त व्हायच्या आत भरता येते. निवृत्त होणारा आणि नवा एक वर्ष सोबत राहिले, तर वावरातलं आणि वर्गातलं ज्ञान हातोहात जाईल. निवडीचे गुण, मुलाखतीसह, विद्यापीठाच्या संकेतस्थळावर खुले करावेत, म्हणजे पैशांच्या व्यवहाराला जागा कमी उरेल. तासिका तत्त्वावर घ्यावंच लागलं, तर किमान बारा महिन्यांची नेमणूक आणि महिन्याच्या महिन्याला मोबदला मिळावा. तासिकेची वर्षं अनुभवात धरावीत. संशोधनासाठी लहानसा निधी आणि काही दिवसांची रजा तालुक्याच्या कॉलेजातल्या तरुण प्राध्यापकाला मिळाली, तर खारपाणपट्ट्याचं पाणी, कोरकू बोली, संत्र्याची बागायत अशा विषयांचा अभ्यास अमरावती-अकोल्यातच होईल.

सेट झालेल्या तरुणांनीही एवढं ध्यानात ठेवावं की नोकरी लागायला उशीर झाला तरी अभ्यासाला उशीर व्हायची गरज नाही. आपल्या गावचा, आपल्या तालुक्याचा एक विषय आत्ताच धरावा आणि त्याच्या नोंदी ठेवाव्यात. जागा मिळेल त्या दिवशी तो विषय तयार असेल.

आज रिकामी ठेवलेल्या जागेचं नुकसान यावर्षी कोणाला दिसत नाही. तास कोणीतरी घेतं, परीक्षा होते, निकाल लागतो. दिसायला लागेल ते आणखी वीस वर्षांनी. तेव्हा खारपाणपट्ट्याला योग्य वाण हवा असेल आणि तो घडवायला हवी होती ती दहा-बारा वर्षं कोणाच्याच वाट्याला आलेली नसतील. रिद्धपूरच्या आसपासची एखादी पोथी वाचायची असेल आणि ती लिपी लावणारा माणूस तयारच झालेला नसेल. त्या वर्षांची सुरुवात आत्ताच्या भरतीतून व्हायला हवी.